पाच मतं बाबांना

कराडला घाटावर आमचा कट्टा आहे, म्हणजे काय तर चहाच्या टपरीशेजारी एक सिमेंटचा बाक आणि दोन प्लास्टिकच्या खुर्च्या, त्यातली एक मोडकी. विधानसभेचा निकाल लागला २३ नोव्हेंबर २०२४ ला, पण त्या दिवशी गुलाल आणि डीजेमुळं कुणी फिरकलंच नाही, रविवारी पण नाही. जमलो ते सोमवारी २५ तारखेला. यशवंतराव चव्हाणांची पुण्यतिथी, त्यामुळं सकाळपासून प्रीतिसंगमावर पुढाऱ्यांची रीघ होती आणि तिथंच अजितदादा आणि रोहित पवार समोरासमोर आले, रोहितनी वाकून नमस्कार केला आणि दादा म्हणाले थोडक्यात वाचलास. कर्जत-जामखेडला रोहितचा फरक १२४३ मतांचा, त्यामुळं ते खोटं पण नव्हतं. सच्यानं तो व्हिडिओ आम्हाला निदान आठ वेळा दाखवला.

"बघा बापू, ते काका-पुतणे हसत्यात आणि तुमी दोन दिवस जेवला नाय."

बापू म्हणजे एसटीतून रिटायर झालेले कंडक्टर, पक्के पृथ्वीराजबाबांचे माणूस, म्हणजे काँग्रेसचे माजी मुख्यमंत्री पृथ्वीराज चव्हाण. कराड दक्षिणला भाजप कधी निवडून येईल हे त्यांच्या डोक्यातच नव्हतं. विलासकाका उंडाळकर १९८० पासून २०१४ पर्यंत आमदार, मग बाबा दोनदा, आणि आता अतुल भोसले थेट ३९ हजारांवर मतांनी. शेजारी कराड उत्तरला बाळासाहेब पाटील पण पडले. अख्ख्या सातारा जिल्ह्यात आठच्या आठ जागा महायुतीला, म्हणजे भाजप, शिंदे आणि अजितदादांना.

"मशीन," बापू एवढंच म्हणाले, म्हणजे मतदानाच्या मशीनमध्येच घोळ.

आता इथं मास्तर बसलेले, झेडपीच्या शाळेत आहेत आणि या वेळी केंद्राध्यक्ष म्हणून ड्युटी लागलेली, दोन रात्री झोप नाही, त्यात हे ऐकल्यावर त्यांचं टाळकं सटकलं. म्हणाले बापू, पहाटे उठून मी पार्टीच्या एजंटांसमोर मॉक पोल घेतलाय, निदान ५० मतं टाकून दाखवायची असतात, तेव्हा एका पार्टीचा एजंट आलाच नव्हता, नाव घेत नाही, तो आला साडेआठला आणि संध्याकाळी १७-सी फॉर्मची कॉपी द्यायला लागलो तर म्हणतो राहू द्या सर, काय करायचंय. "त्या कागदावर किती मतं पडली ते लिहिलेलं असतं. मोजणीच्या दिवशी तोच कागद घेऊन बसायचं असतं. तुमचा माणूस तो घरी पण नेत नाय आणि तुमी मशीन म्हणताय."

सच्या पण गप्प बसणारा नाही. तो म्हणाला ते ठीक आहे मास्तर, पण पाच वाजता टीव्हीवर ५८.२२ टक्के आणि शेवटचा आकडा ६६.०५, हे सगळे लोक कुठनं आले? यावर खरं तर मला पण पटकन उत्तर सुचलं नाही. मास्तर म्हणाले माझ्या केंद्रावर सहाला गेट लावलं तेव्हा आत लाईन होती, मग शेवटच्या माणसापासून चिठ्ठ्या वाटत पुढं यायचं असतं, म्हणजे मागनं कोण घुसत नाही, आणि त्या लाईनीत बापू तुमी स्वतः होता. बापू होतेच, दुपारभर रानात सोयाबीनच्या पोत्यांच्या मागं होते. तरी सच्याचं म्हणणं, एका केंद्राचं सांगू नका, आयोगानं सगळ्या केंद्रांचं उघड दाखवावं की, भ्यायचं काय. इथं मी सच्याच्या बाजूनं. शंका आली म्हणजे चोरी झाली असं नाही, पण विचारलं की चिडायचं हे पण बरोबर नाही.

मग सोयाबीन निघालंच. हमीभाव क्विंटलला ४८९२ आणि बाजारात चार-सव्वाचार हजार, तरी पण मतं सरकारलाच कशी, हा बापूंचा सवाल. मी मोबाईलवर पक्षांच्या मतांचे टक्के काढले. भाजप २६.७७, शिंदे १२.३८, दादा ९.०१, बेरीज ४८ च्या वर. काँग्रेस १२.४२, पवारसाहेब ११.२८, ठाकरे ९.९६, बेरीज ३४ ला पण पोचत नाही. लोकसभेला दोन्ही बाजूंची मतं जवळपास सारखी होती हो, उलट खासदार आघाडीचेच जास्त, ३०, आणि महायुतीचे १७. पाच महिन्यांत एवढी दरी.

"थांब थांब, पवारसाहेबांना ११ टक्के आणि जागा १०, दादांना ९ टक्के आणि जागा ४१? ह्याला काय म्हणायचं?" बापू उठूनच उभे राहिले.

मास्तरांनी समजावलं, साहेब लढले ८६ जागा आणि दादा ५९, जास्त ठिकाणी उभं राहिलं की मतं जास्त दिसणारच, पण ठिकठिकाणी दुसरा नंबर येऊन उपयोग काय, दुसऱ्या नंबरला कोण गुलाल लावत नाय. बापूंना हे काही पटलं नाही, ते परत परत ११ आणि १० म्हणत राहिले.

माझं मत मी तिथं सांगितलं आणि शिव्या खाल्ल्या, ते परत सांगतो. लोकसभा जिंकल्यावर आघाडीवाले जुलैपासनंच मुख्यमंत्री कोण यावर भांडायला लागले आणि इकडं सरकारनं लाडकी बहीण सुरू केली, बायकांच्या खात्यावर महिन्याला पंधराशे. आघाडीवाले आधी म्हणाले पैसे कुठनं आणणार, तिजोरी रिकामी होईल, आणि मग जाहीरनाम्यात स्वतःच म्हणाले आम्ही ३००० देऊ. महायुती २१०० म्हणत होती. आता बाईनं विश्वास कुणावर ठेवायचा, जो ३००० देईन म्हणतो त्याच्यावर का ज्यानं दिवाळीच्या आत पाच हप्ते खात्यावर टाकले त्याच्यावर? साडेसात हजार. टपरीवाल्या काकूंनी त्यातनं नवीन गॅसची शेगडी घेतली, तिच्यावरच आमचा चहा उकळत होता आणि आम्ही तिथंच बसून अर्थव्यवस्थेवर बोलत होतो.

"पंधराशेला माणूस विकला जातो व्हय?" बापू तडकले.

काकूंनी पातेल्यातनं मान वर केली. "विकलं कोण? माज्या नावावर पैलांदाच कायतरी आलं." एवढं बोलून परत आलं किसायला लागल्या. त्यानंतर दोन मिनिटं कोणच बोललं नाही.

बापूंनी मग शेवटचा पत्ता टाकला, "माझ्या घरातली पाचच्या पाच मतं बाबांना गेल्यात. मग एवढी कमी कशी?"

"वहिनींना विचारलं का?" सच्या.

"विचारायचं काय त्यात."

"आणि दोन्ही सुनांना?"

बापू न बोलता चप्पल घालून गेले. चहाचे पैसे पण द्यायचे राहिले.

दुसऱ्या दिवशी उशिरा आले. बाकावर बसले, शेंगदाण्याची पुडी सोडली, कुणाला दिली नाही. कोण छेडायच्या आधी स्वतःच म्हणाले, "विचारलं."

"मग?"

"म्हणाली, मतदान गुप्त असतंय."

सच्या हसत हसत मोडक्या खुर्चीवरनं पडला. मास्तरांनी विषय बदलायला विचारलं की मुख्यमंत्री कोण, शिंदे का फडणवीस, आणि बापूंनी शिंदेंवर दोन प्लेट भेळेची पैज लावली. ५ डिसेंबरला शपथविधी झाला, भेळ अजून आलेली नाही.