सरड्याची धाव कुंपणाबाहेर

शाळेत पहिलीपासून हिंदी शिकवण्याचा वाद एप्रिल २०२५ मध्ये पेटला तेव्हापासून आमच्या पुण्यातल्या कॉलेजच्या व्हॉट्सअॅप ग्रुपवर अस्सल मराठी कोण हे दर दोन दिवसांनी ठरतं. २९ जूनला सरकारने जीआर मागे घेतले, ग्रुप काही थांबला नाही. परवा मी पोरीची एक व्हॉइस नोट टाकली तर एक मित्र म्हणे हे कसलं मराठी, आणि तू तिकडे अमेरिकेत, नेवाडात बसून मराठीचा पुळका आणू नकोस.

त्याच रात्री पोरीसोबत रँगो हा अॅनिमेशन पिक्चर परत बघितला. २०११ चा, गोअर व्हर्बिन्स्कीचा, ऑस्करवाला. काचेच्या पेटीत पाळलेला एक सरडा, एकटाच नाटकं करत बसलेला, पेटी गाडीतून रस्त्यावर पडते आणि हा वाळवंटातल्या डर्ट नावाच्या गावात पोचतो. तू कोण विचारल्यावर बाटलीच्या लेबलवरच्या दुरांगोतून रँगो नाव काढतो, एका गोळीत सात भाऊ मारले अशी थाप ठोकतो, आणि गाव त्याला शेरीफ, म्हणजे गावचा पोलीसप्रमुख करतं. पुढे एक साप सगळ्यांसमोर त्याचं पितळ उघडं पाडतो, हा तोंड लपवून निघून जातो. आणि मग परत येतो. मला पिक्चरची खरी गंमत इथे वाटते, कारण परत येऊन तो मी मूळचा अमुक असं काही सांगत नाही, त्याचं खरं नाव शेवटपर्यंत आपल्याला कळतच नाही, थाप मारली होती तसा शेरीफ होऊन दाखवतो, बस.

आणि अस्सल काय हो, वेस्टर्न, म्हणजे रँगोसारखे काउबॉय-शेरीफवाले पिक्चर, म्हणून आपण जे डोक्यात धरून बसलोय त्यातलं कितीतरी सर्जिओ लिओने नावाच्या इटालियन माणसाने स्पेनमध्ये शूट केलेलं आहे.

माझंच बघा. मी लातूरचा. पुण्याला आल्यावर पहिल्याच आठवड्यात मेसमध्ये "काय करलालास" म्हणालो आणि अख्खं टेबल हसलं. महिन्याभरात मी पुणेरी बोलायला लागलो. म्हणजे रंग मी अमेरिकेत नाही बदलला, पुण्यातच बदलला, आणि तेव्हा याच ग्रुपातल्या लोकांनी छान सुधारलास म्हणून पाठ थोपटली होती!

डर्टमध्ये पाणी बँकेत ठेवतात, तिथला मेयर कासव ते चोरून दाबतो आणि तहानलेल्या लोकांच्या जमिनी घेत सुटतो. मी तिकडे हसूच शकत नाही. २०१६ च्या एप्रिलमध्ये मिरजेहून रेल्वेने लातूरला पाणी आलं तेव्हा मी इथे लास व्हेगासशेजारी हेंडरसनमध्ये, वाळवंटातल्या हिरव्यागार गोल्फ कोर्सच्या बाजूला, आईला फोन लावून बसलो होतो. सिनेमातल्या पाण्याची पाइपलाइन पण व्हेगासकडेच जाते, म्हणजे त्या गोष्टीत मी नेमका कोणाच्या बाजूचा ते मला आजही सांगता येत नाही.

त्या व्हॉइस नोटमध्ये पोरगी आजीला विचारत होती, "आजी, काय करलालीस?" अमेरिकन र, अमेरिकन ल, पण शब्द लातूरचा, आजीनेच व्हिडिओ कॉलवर शिकवलेला. मी वीस वर्षांपूर्वी पुण्यात टाकून दिलेला.

ग्रुपवर अजून उत्तर दिलेलं नाही. आधी आईला फोन करतो, नळाला पाणी आलं का विचारायचंय.