दूध कट्ट्यावर एस्कंदरियान

परवाच्या मॅचचं नव्यानं काय सांगायचं, अख्ख्या कोल्हापूरनं बघितलीय. आमच्या पेठेच्या पोराच्या पायाला लागून बॉल आमच्याच जाळ्यात गेला आणि तिथंच मॅच संपली. वय वर्षं एकोणीस. तेव्हापासून पोरगं घराबाहेर पडलेलं नाही. आणि मोबाईलवर लोक त्याच्याबद्दल काय काय लिहितात! ते वाचून मला दोन रात्री नीट झोप लागली नाही.

तर मंगळवारी रात्री आम्ही नेहमीसारखे गंगावेशच्या दूध कट्ट्यावर जमलो. म्हशी ओळीनं उभ्या, समोर धार काढणं चाललेलं, ग्लासात वरपर्यंत फेस. मी, संभा, सुऱ्या आणि उम्या, चौघं एका टीमचे. आता पन्नाशीला टेकलोय. संभा स्टॉपर, म्हणजे मधला डिफेंडर होता, उम्या गोलकीपर, सुऱ्या फॉरवर्ड आणि मी बहुतेक वेळ बाकावर. शिवाय उम्याचा पुतण्या पक्या. इंजिनिअरिंगचं शेवटचं वर्ष आणि हातात कायम मोबाईल.

उम्यानंच काडी टाकली. ग्रुपवर त्यानं एक व्हिडिओ टाकला होता, वर्ल्ड कपमधल्या सेल्फ गोलांचा. त्यात एक काळ्या केसांचा इराणी, जून १९७८, अर्जेंटिनातलं कोर्दोबा, समोर स्कॉटलंड.

"हा बघ, आपल्या पोराचा आजोबा," सुऱ्या म्हणाला आणि स्वतःच हसला.

संभा हसला नाही. "नाव काय त्याचं?"

"असंल काहीतरी. इराण म्हटलं की मला इराणी खणच आठवते. याचं पण तिथंच विसर्जन करायला पाहिजे होतं."

"आंद्रानिक एस्कंदरियान," संभा म्हणाला. "तोंडपाठ कर. तुझ्या चौदा गोलांसारखं रोज म्हण."

आता हे चौदा गोल म्हणजे सुऱ्यानं एका सीझनला मारलेले. कुठलाही विषय असो, लग्न असो, बारसं असो, ते चौदा गोल येतातच. त्यातले चार पेनल्टी होते, हे तो कधी सांगत नाही. म्हणून मी सांगतोय.

"संभ्या, भावा, सेल्फ गोल तो सेल्फ गोल," सुऱ्या म्हणाला. "उघडं गोलपोस्ट, कीपर बाहेर आलेला, आणि हा गडी स्वतःच्याच जाळ्यात हाणतोय. वर्ल्ड कपात! असल्या माणसाचं करिअर काय सांगतोस?"

"करिअरच सांगतो. पक्या, मोबाईल खिशात ठेव. जरा ऐक."

मग संभानं जे सांगितलं ते मी इथं मुद्दाम लिहून ठेवतोय, कारण त्या व्हिडिओत त्यातलं एक अक्षर नाही.

एस्कंदरियान डिफेंडर, तेहरानचा, १९५१ चा जन्म. आर्मेनियन ख्रिश्चन घरातला. आधी तिथल्या आर्मेनियन लोकांच्या आरारात क्लबमधून खेळला, मग ताजमध्ये गेला. ताज म्हणजे मुकुट. क्रांतीत इराणचा राजा, शहा, गेला तसा मुकुटही गेला आणि त्याच क्लबचं नाव एस्तेघलाल झालं, म्हणजे स्वातंत्र्य. १९७६ चा आशिया कप तेहरानला झाला. फायनलला कुवेत, स्टेडियम खच्चून भरलेलं, अली परवीनचा गोल, एक-शून्य. इराण चॅम्पियन.

"आणि त्या अख्ख्या आशिया कपात इराणनं गोल किती खाल्ले?" संभानं विचारलं.

पक्याचा हात खिशाकडे गेला.

"शून्य. एकही नाही. मारणाऱ्यांची नावं सगळ्यांना माहीत असतात. शून्य कुणी राखलं, हे कोण विचारतं?"

मी म्हटलं, "संभा, हे लिहून ठेवतो." आज ठेवलं.

वर्ल्ड कपला तेव्हा सोळाच टीम असायच्या. आशिया आणि ऑस्ट्रेलियाकडची सगळी मंडळी मिळून जागा एक. आता अठ्ठेचाळीस टीम घेतात, त्या काळात एका जागेसाठी मारामारी. शेवटच्या फेरीत इराण, दक्षिण कोरिया, कुवेत, ऑस्ट्रेलिया आणि हाँगकाँग. इराण आठ मॅच खेळला आणि एकही हरला नाही. आठ मॅचमध्ये खाल्लेले गोल तीन. त्या जोरावर देश पहिल्यांदा वर्ल्ड कपला गेला.

"बरं बरं, गेला," सुऱ्या म्हणाला. "आणि तिथं जाऊन काय दिवे लावले? हॉलंडनं तीन घातले, पेरूनं चार."

"आणि स्कॉटलंडनं?"

"एक."

"किती?"

"एक रे!"

"शून्य," संभा म्हणाला. "स्कॉटलंडच्या अकरा जणांना नव्वद मिनिटांत स्वतःचा एक गोल मारता आला नाही. त्यांच्या नावावर जो लागला तो एस्कंदरियानकडून मिळालेला. जॉर्डन होता, डॅल्ग्लिश होता. सगळे तुझ्यासारखे चौदा-चौदा गोलवाले. मग नापास कोण झालं, सुऱ्या?"

उम्यानं टाळी दिली. शेजारच्या गवळीमामांनी पण मान वर करून बघितलं.

मला यातली पुढची गोष्ट जास्त महत्त्वाची वाटते. तो गोल झाला त्रेचाळिसाव्या मिनिटाला, हाफ टाइमला दोन मिनिटं राहिलेली. आपल्याकडं काय झालं असतं? हाफ टाइमला बाहेर काढला असता, पाणीसुद्धा कुणी दिलं नसतं. त्यांच्या कोचनं, हेश्मत मोहाजेरानीनं, तसं केलं नाही. दुसऱ्या हाफला एस्कंदरियान त्याच टीममधून मैदानात उतरला आणि साठाव्या मिनिटाला इराज दानाईफर्दनं बरोबरी केली. इराणचा वर्ल्ड कपमधला पहिला गोल, पहिला पॉइंट. तिकडं स्कॉटलंडचा कोच मॅक्लाउड बाकावर डोकं धरून बसला होता. पुढच्या मॅचला त्यांनी हॉलंडला तीन-दोन हरवलं आणि तरी गोल फरकावर घरी गेले. इराणला हरवलं असतं तर पुढं गेले असते. हॉलंड फायनलपर्यंत पोचलं, ते या बरोबरीच्या पुण्याईवर.

"म्हणजे सेल्फ गोल मारून उपकारच केले म्हण की," सुऱ्या म्हणाला.

"उपकार नाही. चूक केली. चुकीनंतर सत्तेचाळीस मिनिटं उभा राहिला. तू पेनल्टी बाहेर मारलीस त्या दिवशी दुसऱ्या हाफला उतरलास का? पाय मुरगळला म्हणून बसलास. सायंकाळी मात्र रंकाळ्यावर भेळ खाताना दिसलास, दोन्ही पायांवर."

"ते मुरगळलंच होतं!"

"डावा का उजवा?"

सुऱ्या गप्प. हा सवाल त्याला दर दोन-तीन महिन्यांनी विचारला जातो आणि दर वेळी पाय बदलतो.

पक्यानं मग कोलंबियाचा विषय काढला. आंद्रेस एस्कोबार, १९९४. अमेरिकेविरुद्ध सेल्फ गोल, आणि दहा दिवसांनी मेदेयीनमध्ये गोळ्या घालून मारला. तेव्हा मात्र कट्टा एकदम शांत झाला. धारेचा आवाज तेवढा येत राहिला, चरवीत पडणारा. मी तेव्हा म्हणालो ते परत लिहितो: मोबाईलवर त्या पोराला 'दिसशील तिथं बघून घेतो' म्हणणाऱ्यांनी हे नाव एकदा वाचावं. गंमत म्हणून लिहिलंय असं कुणी मला सांगू नये. एकोणीस वर्षांच्या पोराला त्यातलं गमतीचं कुठलं आणि खरं कुठलं, हे कसं कळायचं?

"आणि त्याच १९७८ च्या वर्ल्ड कपात," संभा हळू आवाजात म्हणाला, "हॉलंडच्या ब्रांट्सनं इटलीविरुद्ध सेल्फ गोल केला. त्यात स्वतःच्याच कीपरला असा धडकला की कीपर बाहेर गेला. मग दुसऱ्या हाफला त्यानंच बरोबरी केली. हॉलंड जिंकलं. त्याच्या सेल्फ गोलाचा कुणी शिक्का मारला का त्याच्यावर? नाही. कारण तो डिफेंडर असून त्याला पुढं जाऊन गोल मारता आला. एस्कंदरियानसाठी तो गोल दानाईफर्दनं मारला. फरक एवढाच."

सुऱ्यानं दुसरा ग्लास मागवला. हरत आला की तो दूध मागवतो. "बरं, मग पुढं काय झालं तुझ्या एस्कंदरियानचं? संपलाच ना?"

"संपला? १९७९ ला न्यूयॉर्क कॉसमॉसनं घेतला त्याला."

इथं सुऱ्या उठून उभा राहिला. "पेलेचं कॉसमॉस? ईडन गार्डनवर आलेलं?"

"तेच. पेले १९७७ ला कलकत्त्यात मोहन बागानविरुद्ध खेळून गेला, दोन-दोन, आणि आठवड्यानं त्यानं खेळणंच थांबवलं. हा त्याच्यानंतर आला. पण बेकेनबाउर होता, कार्लोस आल्बेर्तो होता, किनालिया होता, सगळे जगातले मोठे खेळाडू. नीस्केन्सपण त्याच वर्षी आला. आदल्या वर्षी मेन्दोसात इराणला तीन घालणाऱ्या टीमचा नीस्केन्स! आता एका ड्रेसिंग रूममध्ये कपडे बदलायला शेजारी. १९८४ पर्यंत खेळला. १९८० ला चॅम्पियन, १९८२ ला चॅम्पियन. ज्यांनी त्याला विकत घेतलं त्यांनी तो व्हिडिओ बघितला नव्हता काय? बघितला होता. त्यांनी बाकीची सत्त्याऐंशी-अठ्ठ्याऐंशी मिनिटंही बघितली."

हे वाक्य मी घरी येऊन बायकोला पण ऐकवलं.

त्याच्यामागं देशात क्रांती झाली, लीग थांबली, युद्ध आलं. इराण परत वर्ल्ड कपला गेलं ते थेट १९९८ ला. त्याच्या पिढीतल्या कितीतरी जणांचं खेळणं मध्येच तुटलं. काही पोरं आपल्याकडं अलीगढला शिकायला आली होती, त्यातले मजीद आणि जमशेद १९८० ला ईस्ट बंगालला गेले आणि कलकत्त्याला वेड लावलं. एस्कंदरियान देशाकडून एकोणतीस मॅच खेळला, मग अमेरिकेतच राहिला, न्यू जर्सीत खेळाच्या सामानाचं दुकान घातलं. हे मला फार आवडतं. बेकेनबाउरच्या शेजारी खेळलेला माणूस शाळेच्या पोरांना बुटाचा नंबर विचारतोय.

"आणि आता ऐक, सुऱ्या, नीट बस," संभा म्हणाला. "त्याचा पोरगा अलेको. तुझ्या जातीचा, फॉरवर्ड. २००४ ला अमेरिकेच्या लीगची फायनल, डीसी युनायटेड आणि कॅन्सस सिटी. या पोरानं चार मिनिटांत दोन गोल मारले, फायनलचा बेस्ट प्लेअर. मॅच सुटली तीन-दोन. तिसरा गोल कुणाचा?"

कुणी बोललं नाही.

"कॅन्सस सिटीच्या डिफेंडरचा. सेल्फ गोल."

पक्यानं मोबाईल काढून खात्री केली आणि "आयला, खरंय की," म्हणाला. उम्यानं कपाळाला हात लावला. मला त्या घरातली रात्र डोळ्यांसमोर आली. पोरानं कप आणलाय, घरात दंगा आहे आणि बापाला मात्र त्या समोरच्या डिफेंडरचं तोंड दिसत असणार. असं मी म्हटलं, तर संभा फक्त 'हं' म्हणाला.

आणि नेमकं इथं उम्याला बोलायची हुक्की आली.

"संभ्या, पण सगळं डिफेंडरचंच दुखणं सांगतोस. कोर्दोबात कीपर कोण होता? हेजाझी. नासेर हेजाझी. ताजमध्ये दोघं कितीतरी वर्षं एकत्र खेळलेले. हेजाझी म्हणजे आशियातला एक नंबर. पुढं ढाक्याला येऊन मोहामेडनचा कोच झाला, २०११ ला गेला तेव्हा तेहरानचं स्टेडियम लोटलं होतं. असा कीपर पुढं आला म्हणजे ओरडला असणारच."

संभानं ग्लास खाली ठेवला. "हेजाझीचं मला माहीत नाही. तू ओरडला होतास का?"

झालं. बावीस वर्षांपूर्वीची फायनल. ज्यांना माहीत आहे त्यांना माहीत आहे. शेवटची मिनिटं, उंच बॉल, उम्या पुढं आला, संभानं पाय घातला आणि आमच्याच जाळ्यात. संभा त्यानंतर एक सीझन खेळला नाही. तो विषय आम्ही कट्ट्यावर कधी काढत नाही.

"ओरडलो होतो," उम्या म्हणाला. "आईची शपथ. सगळ्या पश्चिम गॅलरीला ऐकू गेलं."

"मलापण आलं ऐकू. काय ओरडलास?"

"'आलो!' म्हणून ओरडलो. आलो, सोड, माझा आहे."

संभा त्याच्याकडं बघतच राहिला. मग म्हणाला, "मला ऐकू आलं, 'आला!'"

"काय?"

"आला! म्हणजे त्यांचा फॉरवर्ड आला. मागनं आला. म्हणून मी बॉल हाणला."

दोन-तीन सेकंद कुणाच्या लक्षातच आलं नाही. मग पक्या हळूच म्हणाला, "म्हणजे एका मात्रेवर फायनल गेली?" आणि सुऱ्या जो हसत सुटला, त्याच्या नाकातनं दूध आलं. उम्या म्हणत होता, "ओ स्पष्ट होता माझा!" संभा म्हणत होता, "तोंडात च्युइंगम होतं तुझ्या, ओ कुठला स्पष्ट?" गवळीमामा म्हशीला सोडून इकडं आले आणि त्यांना सगळं पहिल्यापासून सांगावं लागलं. "आलो" आणि "आला" दोन्ही ओरडून दाखवायला लावलं त्यांनी. उम्यानं गंगावेशच्या रस्त्यावर रात्री साडेदहाला तीनदा ओरडून दाखवलं. तिसऱ्यांदा एक म्हैस खरंच आली.

संभाला हसता हसता डोळ्यांत पाणी आलं होतं. बावीस वर्षांत त्या फायनलवर त्याला हसताना मी पहिल्यांदा बघितलं.

पैसे कुणी द्यायचे यावर वीस मिनिटं वाद झाला आणि शेवटी पक्यानं दिले. निघताना संभानं एक धारोष्ण दुधाची बाटली भरून घेतली आणि गाडी घराच्या उलट्या दिशेला, त्या पोराच्या गल्लीकडं वळवली.

"एवढ्या रात्री?" सुऱ्यानं विचारलं.

"जागाच असंल," संभा म्हणाला. "तू पण चल मागं बस. चौदा गोल सांग त्याला, झोप लागंल."

सुऱ्या बसला.