मस्का आधी कोशातला, मग कट्ट्यावरचा

‘मस्का ही कॉलेजच्या पोरांची बोली, कोशात तिला जागा नाही’ असं एका लेखात म्हटलंय, ते पटलं नाही. मस्का फारसीतून आलेला, आणि तिथेही अर्थ लोणीच. म्हणजे शब्द सभ्य घरातला. पोरांनी फक्त ‘मारायला’ घेतला! खुशामतीचा अर्थ तरी नवा कुठे? ‘लोणी लावणे’ आजीच्याही तोंडी होतंच. मस्केबाजी, मस्केबाज हे पुढचे अवतार.

खरी गंमत मात्र ‘लोणकढी’त आहे. लोणी कढवून केलेलं ताजं तूप ते लोणकढं. आता हा शब्द तुपापेक्षा थापेलाच जास्त चिकटलाय. ‘लोणकढी थाप’ म्हणजे नुकतीच रचलेली, अस्सल थाप. तूप गेलं, थाप राहिली. नव्या पिढीला विचारा, तूप आठवणारही नाही.

आणि ‘मेलेल्याच्या टाळूवरचं लोणी खाणे’ लेखक कसं विसरले? तिथे खुशामत नाही, निर्लज्ज हाव आहे. जाता जाता: लोणी हे ‘नवनीत’चंच झिजलेलं रूप. नवनीत लावलं असं मात्र कुणी म्हणत नाही.