चिंचोनची काउंटेस, कोयनेल आणि एक फिरता मेसेज

पाऊस सुरू झाला, डास वाढले की एक मेसेज हमखास फिरायला लागतो. मजकूर थोडक्यात असा: ‘१६३८ साली पेरूच्या व्हाइसरॉयची पत्नी, चिंचोनची काउंटेस, हिवतापाने मरणाच्या दारात होती. एका अनोळखी झाडाच्या सालीने ती वाचली. तिने ती साल स्पेनला नेली. मग युरोपच्या वनस्पतिशास्त्रज्ञांनी अमेरिकेच्या जंगलात ते झाड शोधून काढलं. इंग्रजांनी ते भारतात आणलं आणि आपल्याकडचा हिवताप संपला. हेच क्विनाईन लिंबाच्या सालींतही असतं; साली उकळा आणि रोज प्या.’ खाली हात जोडलेले, आणि जास्तीत जास्त लोकांना पाठवण्याची विनंती.

शेवटचं वाक्य सगळ्यात घातक, म्हणून आधी तेच घेऊ. लिंबाच्या, मोसंबीच्या किंवा पपनसाच्या सालीत क्विनाईन, म्हणजे कोयनेल, हे हिवतापावरचं कडू औषध नसतं, कितीही उकळा. करोनाच्या पहिल्या वर्षी हा काढा जगभर फिरला होता, तेव्हाही तो खोटाच होता. क्विनाईन ज्याच्या सालीत असतं ते सिंकोना हे कॉफीच्या कुळातलं झाड. आपले कदंब, बारतोंडी, गेळा त्याचे भाऊबंद. लिंबाचं कुळच निराळं. कडू लागलं म्हणजे कोयनेल, एवढ्याच तर्कावर हे उभं आहे. आणि समजा सालीत खरंच क्विनाईन असतं, तर ते रोज पिणं म्हणजे कान सतत गुणगुणणं, नजर धूसर होणं आणि हृदयाचे ठोके बिघडणं. ते औषध मापाने द्यायचं असतं.

आता काउंटेसबाई. ही गोष्ट पहिल्यांदा छापली सेबास्तियानो बादो या जिनोआच्या वैद्याने, १६६३ साली. म्हणजे मूळ घटना म्हणतात तिच्यानंतर पंचवीसएक वर्षांनी आणि अटलांटिकच्या पलीकडे बसून. त्याचा आधार काय, तर पेरूच्या राजधानीत, लिमात राहिलेल्या एका इटालियन व्यापाऱ्याचं पत्र. पुढे अडीचशे वर्षं कोणी फारशी शंका घेतली नाही. १९३० च्या दशकात त्या व्हाइसरॉयच्या कारकिर्दीची लिमातली रोजनिशी छापून आली आणि १९४१ मध्ये हॅगिस नावाच्या अभ्यासकाने ती या गोष्टीशी ताडून पाहिली. दरबारात कोण आलं, कोण आजारी पडलं, कोणाचं रक्त काढलं, असलं सगळं बारीकसारीक त्या रोजनिशीत आहे. व्हाइसरॉयसाहेबांना ताप आल्याच्या नोंदी आहेत, रक्त काढल्याच्या आहेत. बाईंच्या जीवघेण्या हिवतापाची नोंद नाही, सालीची तर नाहीच.

बरं, बाई कोणती? गोष्टीत जिचं नाव घेतात ती आना दे ओसोरिओ १६२५ मध्ये स्पेनमध्येच वारली होती. नवरा व्हाइसरॉय म्हणून लिमात पोचला १६२९ मध्ये. त्याच्यासोबत होती ती दुसरी पत्नी, फ्रान्सिस्का. ती परतीच्या वाटेवर १६४१ मध्ये आजच्या कोलंबियातल्या कार्ताहेना बंदरात वारली, स्पेनला पोचलीच नाही. मग तिने तिथे साल नेली कशी? आणखी एक गंमत. आगुस्तिनियन पंथाच्या कालांचा नावाच्या साधूने १६३० च्याच दशकात पेरूबद्दल ग्रंथ लिहिला. त्यात आजच्या एक्वाडोरमधल्या लोजा भागातल्या ‘तापाच्या झाडा’बद्दल तो सांगतो: दालचिनीच्या रंगाची साल, ती कुटून नाण्यांच्या वजनाने पाण्यातून घ्यायची, लिमात तिचा चांगला गुण आलाय. व्हाइसरॉयच्या बायकोचा जीव याच सालीने वाचला असता, तर त्याने ते लिहिल्याशिवाय सोडलं असतं? त्याच्या मजकुरात बाई नाहीत. साल युरोपात पोचली ती मुख्यतः जेझुइट या कॅथलिक पंथाच्या पाद्र्यांच्या हातून, म्हणूनच तिकडे ती ‘जेझुइटांची पूड’ म्हणून ओळखली जायची.

‘वनस्पतिशास्त्रज्ञांनी झाड शोधून काढलं’ हा मुद्दा मला काउंटेसपेक्षा जास्त खुपतो, कारण तो अर्धा खरा वाटतो. शार्ल-मारी द ला कोंदामीन हा फ्रेंच शास्त्रज्ञ लोजाला गेला १७३७ मध्ये. तोवर साल युरोपच्या बाजारात येऊन जवळजवळ शंभर वर्षं झाली होती. तिचे भाव ठरलेले होते, भेसळही रुळली होती. झाडाचं वर्णन आणि चित्र पहिल्यांदा त्याने पॅरिसच्या अकादमीला दिलं, हे त्याचं श्रेय, आणि ते मोठं आहे. पण त्याला झाडापाशी नेलं कोणी? तिथल्या साल काढणाऱ्यांनी. त्याच मोहिमेतला वनस्पतिशास्त्रज्ञ जोझेफ द ज्यूसिए याने टिपून ठेवलंय की लोजाजवळच्या मालाकातोसच्या मूळ रहिवाशांना तापावरचा हा गुण ठाऊक होता आणि एका जेझुइटाला तो त्यांच्याकडूनच कळला. झाडाला काउंटेसच्या चिंचोनवरून सिंकोना हे नाव देणारा स्वीडिश वनस्पतिशास्त्रज्ञ लिनियस तर अमेरिकेत कधी गेलाच नाही. १७४२ मध्ये स्वीडनमध्ये बसून त्याने ते दिलं, आणि खोटी गोष्ट शास्त्रीय नावात कायमची जाऊन बसली.

याच्या उलटा मेसेजही फिरतो: ‘इंका लोक हजारो वर्षं सिंकोनाने मलेरिया बरा करत होते.’ तोही तपासूनच घ्यावा. हिवतापाचा जीवघेणा प्रकार, फाल्सिपेरम, अमेरिकेत गेला तो आफ्रिकेतून गुलाम वाहणाऱ्या जहाजांतून. जनुकांचा अभ्यास तेच दाखवतो. जो रोग तिथे नव्हता त्यावर हजारो वर्षांचा उपाय कसा असेल? अँडीजमधल्या लोकांना ही साल थंडी, कापरं, ताप यांवर माहीत असावी आणि नव्याने आलेल्या तापावर ती लागू पडली, इतपत म्हणता येतं. पुढे तिथे फिरलेल्या हुम्बोल्ट या जर्मन निसर्गशास्त्रज्ञाने तर उलटच लिहून ठेवलंय, की लोजाकडचे लोक तापात ही साल घ्यायलाच तयार नसतात. सालीबद्दल तिथेही सगळ्यांचं एकमत होतं असं समजू नये.

मेसेजमध्ये ‘ते झाड’ असं एकवचन आहे. खरी भानगड तिथेच आहे. सिंकोनाच्या वीसहून जास्त जाती आहेत, त्या आपसांत सहज संकर करतात, पानं एकमेकांसारखी दिसतात, आणि सालीतलं क्विनाईन मात्र जातीगणिक, उंचीगणिक, कधी शेजारशेजारच्या दोन झाडांतही वेगळं. एक साल ताप उतरवते, दुसरी नुसतीच तोंड कडू करते. दोन शतकं वनस्पतिशास्त्रज्ञ झटले ते हा गुंता सोडवायला. इपोलितो रुइस आणि होसे पावोन हे स्पॅनिश वनस्पतिशास्त्रज्ञ १७७७ ते १७८८ पेरू आणि चिलीत फिरले. १७८५ मध्ये त्यांच्या मुक्कामाला आग लागून टिपणं आणि नमुने जळाले. पुढच्या वर्षी नमुन्यांच्या पेट्या नेणारं जहाज पोर्तुगालच्या किनाऱ्यावर फुटलं. माणसं पुन्हा डोंगर चढली.

तिकडे आजच्या कोलंबियात होसे सेलेस्तिनो मुतिस या स्पॅनिश वनस्पतिशास्त्रज्ञाने १७८३ पासून मोठी मोहीम उभारली. तिथल्या चित्रकारांची शाळाच त्याने काढली. पाच हजारांवर चित्रं आज माद्रिदच्या वनस्पती उद्यानात आहेत, आणि ती पाहिली की कॅमेऱ्याची उणीव भासत नाही. पाकळीची किनार, उकललेलं बोंड, पानाची पालथी बाजू, सगळं जागच्या जागी. मात्र मुतिसने सालीच्या रंगावरून नारिंगी, लाल, पिवळी आणि पांढरी अशी जी विभागणी केली आणि प्रत्येकीला वेगवेगळे रोग नेमून दिले, ती टिकली नाही. रुइसच्या बाजूशी त्याचं या सालींवरून इतकं वाजलं की दोन्हीकडून एकमेकांची अक्कल काढली गेली. याच मोहिमेतल्या काल्दासने कोणती सिंकोना किती उंचीवर उगवते याचे आराखडे काढले. त्याला १८१६ मध्ये स्पॅनिश फौजेने बंडखोर म्हणून गोळ्या घातल्या. भांडण मिटायची सोय झाली ती १८२० मध्ये, पॅरिसच्या पेल्तिए आणि काव्हांतू या रसायनतज्ज्ञांनी सालीतून क्विनाईन वेगळं काढल्यावर. आता रंगावरून वाद घालण्यापेक्षा माप घेता येऊ लागलं.

‘इंग्रजांनी भारतात आणलं’ हे खरं आहे, पण कोणी, काय आणि कसं? १८६० मध्ये मोहीम काढणारा क्लेमेंट्स मार्कहॅम वनस्पतिशास्त्रज्ञ नव्हता, लंडनच्या इंडिया ऑफिसातला कारकून होता. काउंटेसची गोष्ट पुढे १८७४ मध्ये पुस्तक लिहून घरोघर पोचवली तीही यानेच, आणि तीसुद्धा १६२५ मध्ये वारलेल्या आनाच्या नावाने. त्याने स्वतः पेरूतून आणलेली रोपं प्रवासाच्या उकाड्यात होरपळली आणि जवळजवळ सगळीच दगावली. निलगिरीत जगली ती मुख्यतः रिचर्ड स्प्रूसची. स्प्रूस अस्सल वनस्पतिशास्त्रज्ञ, मूळचा शेवाळांचा माणूस. त्याच वर्षी आजाराने त्याचे हातपाय लुळे पडले होते. तशा अवस्थेत एक्वाडोरमधल्या चिंबोराझो पर्वताच्या पायथ्याशी मुक्काम ठोकून त्याने लाल सालीच्या झाडांचं बी पिकायची वाट पाहिली. हे बी कागदासारखं पातळ, कडेला पंख, फुंकर मारली तर उडून जाईल असं. एका ग्रॅममध्ये दोन-तीन हजार सहज मावतात. बोंड तडकायच्या आत काढावं लागतं आणि उन्हात जपून सुकवावं लागतं. असं लाखभर बी आणि सहाशेवर रोपं त्याने मिळवली. पुढच्याच वर्षी पेढी बुडून त्याची सगळी पुंजी गेली. पेन्शन मिळालं ते जेमतेम.

निलगिरीत सिंकोनाचे सरकारी मळे सांभाळणाऱ्या मॅकआयव्हरने एक युक्ती काढली. अँडीजमध्ये झाड आडवं पाडून साल सोलत. याने उभ्या झाडाच्या खोडावरून सालीच्या लांब पट्ट्या काढल्या आणि उघड्या जागेला ओलं शेवाळ बांधलं. खाली नवी साल धरली, आणि तिच्यात औषधी अंश आधीपेक्षा जास्त निघाला. आपल्या महाबळेश्वरलाही त्याच दशकात लिंगमळ्याला सरकारने सिंकोना लावून पाहिली. चार महिने धो धो आणि पुढे कोरडं ठाक, हे काही तिला मानवलं नाही. काही वर्षांत तो प्रयोग गुंडाळला.

मेसेजमध्ये ज्याचा मागमूसही नाही असा माणूस म्हणजे मानुएल इंक्रा मामानी, बोलिव्हियाचा आयमारा. चार्ल्स लेजर या इंग्रज व्यापाऱ्यासाठी तो बी गोळा करायचा. कोणत्या झाडाची साल खरी, हे त्याला नजरेने कळत होतं. ओळीने काही वर्षं हिमदवाने फळं गेली, तरी तो त्याच झाडांपाशी परत जात राहिला, आणि १८६५ मध्ये बी लेजरच्या हाती आलं. लंडनला त्याचं महत्त्व कळलं नाही. डचांनी पाऊंडभर विकत घेतलं आणि जावात लावलं. त्या झाडांच्या सालीत दहा टक्क्यांच्या आसपास क्विनाईन निघालं; स्प्रूसच्या लाल सालीत त्याच्या कितीतरी कमी होतं. मामानीला पुन्हा बी आणायला पाठवलं तेव्हा तो पकडला गेला. कोठडीत इतकी मारहाण झाली की सुटल्यावर तो वाचला नाही. जातीला नाव मिळालं लेजरचं.

उरलं ‘हिवताप संपला’. बंगालात १८९२ पासून पोस्टात पैशाला कोयनेलची पुडी मिळायची, हे खरं. पण दार्जिलिंग आणि निलगिरीच्या मळ्यांचा माल देशाला कधी पुरला नाही. जगाच्या बाजारात नव्वद टक्क्यांवर क्विनाईन जावाचं होतं. स्वातंत्र्याच्या सुमारास भारतात वर्षाला साडेसात कोटी लोकांना हिवताप व्हायचा आणि आठ लाख दगावायचे, असा अंदाज आहे. १९४२ मध्ये जपानने जावा घेतलं आणि दोस्त राष्ट्रांचा क्विनाईनचा पुरवठाच तुटला. तेव्हा अमेरिकेने आपले वनस्पतिशास्त्रज्ञ कोलंबिया आणि एक्वाडोरच्या डोंगरांत धाडले. रेमंड फॉसबर्ग, विल्यम स्टीअर ही त्यातली नावं. जिथे मुतिसचे चित्रकार फिरले होते त्याच मुलखात ते साल तपासत हिंडले, आणि कोणत्या दरीत कोणती सिंकोना उभी आहे हे त्यांनाही पुन्हा तिथल्याच माणसांना विचारावं लागलं.