ओल्यापायी सुकं जळतंय

मे महिना लागला की आमच्याकडे दोन गोष्टी हमखास येतात. एक म्हणजे डोक्यावर टोपली घेऊन गेटपाशी उभी राहणारी सुक्या मासळीवाली मावशी. आणि दुसरा, ‘सुकी मासळी खाणाऱ्यांनी एकदा जरूर वाचा’ असा व्हॉट्सॲपवरचा हातभर लांब मेसेज. गेल्या वर्षी दोघं एकाच आठवड्यात आले. सोसायटीच्या ग्रुपवर अर्ध्या तासात ठरलं की मावशीला आत सोडायचं नाही. वीस वर्षं येणारी बाई, वॉचमनशी दोन शब्द बोलली आणि टोपली उचलून पुढच्या बिल्डिंगला गेली.

मेसेजचा सारांश असा. बाजारात खपली नाही, सडायला आली, की ती मासळी सुकवतात. वर फॉर्मॅलिन आणि डीडीटी मारतात, म्हणून तर तिच्यावर माशी बसत नाही. युरोपने बोंबील विषारी ठरवून बंदी घातली. जागतिक आरोग्य संघटनेने खारी मासळी कॅन्सरकारक ठरवली. आणि असला माल ओल्याच्या कितीतरी पट भावाने आपल्या गळ्यात मारतात. शेवटी हात जोडलेली सहा चिन्हं.

माझं आजोळ वसईच्या बाजूचं, किनाऱ्यालगतचं. मामीच्या घरामागे वलांडी होती. वलांडी म्हणजे बांबू रोवून त्यांना आडव्या दोऱ्या ताणलेला मांडव. सुट्टीत आम्हा पोरांना तिथे कामाला जुंपायचे. त्यामुळे पहिल्या मुद्द्यावर थोडं रेंगाळणार आहे.

बोंबील दोरीवर कसा टांगतात ते पाहिलं असेल तर ‘सडकी मासळी सुकवतात’ हे वाक्य तोंडातून निघणार नाही. दोन बोंबील घ्यायचे, दोघांचे जबडे उघडून एकमेकांत अडकवायचे आणि ती जोडी दोरीवर टाकायची, एक अलीकडे लोंबतो, एक पलीकडे. ना सुतळी, ना हूक. सगळा भार त्या जबड्यांवर. बोंबलाच्या अंगात मुळात नव्वद टक्क्यांच्या आसपास पाणी. ताजा असतानाच तो हातात लिबलिबतो. शिळा झाला की मांस जबड्यापाशीच सुटतं आणि मासा दोरीवरून खाली मातीत. डोलीच्या, म्हणजे पिशवीसारख्या जाळ्यातला माल होडीतून उतरला की मामी आणि शेजारणी धुऊन लगेच टांगायला घ्यायच्या. मी एकदा टोपलीच्या तळाचा दबलेला बोंबील टांगायला गेले, तर मामीने हातावर चापट मारून तो काढून घेतला आणि मांजरीपुढे टाकला. “ह्यो पडंल नि बाजूच्यालापन घान करंल,” म्हणाली.

जवळ्याचंही तेच. तो इतका नाजूक की उन्हात पसरायला काही तास उशीर झाला तरी काळा पडतो, आणि काळ्या जवळ्याला गिऱ्हाईक हात लावत नाही. शिळं सुकवून ताजं होत नसतं. सुकवताना पाणी तेवढं जातं, वास मात्र घट्ट होऊन उरतो.

तरी या आरोपात एक कण खरा आहे आणि तो झाकायची गरज नाही. एकाच वेळी प्रचंड माल येतो, बर्फ पुरत नाही, ओल्याचा भाव कोसळतो, तेव्हा उरलेला माल सुकवायला जातो. पण ‘उरलेला’ आणि ‘सडलेला’ यांत फरक आहे. आंब्याचा भाव पडला की घरोघरी आटवलेला रस लागतो, त्याला कुणी सडका आंबा म्हणत नाही. दुसरं असं की किनाऱ्यावर जमिनीवर पसरलेली, पायाखाली येणारी सरमिसळ मासळीही असते. ती कोंबड्यांच्या खाद्याच्या आणि मासळीपिठाच्या कारखान्यांत जाते, तिचा व्यापार वेगळा, व्यापारी वेगळे. मेसेजसोबत जो फोटो फिरतो त्यात मला तसलाच ढीग दिसतो. खाण्याच्या बोंबलाचा ढीग करत नाहीत, मोडतो तो.

वाळूचा आरोप केला असता तर मी मान डोलावली असती. खळ्यावर पसरलेल्या जवळ्यात कचकच येते. आता बऱ्याच ठिकाणी सिमेंटचे ओटे आणि जाळ्या आल्यात, पण सगळीकडे नाही. तीन पाण्यांतून काढा. मेसेजला मात्र वाळू दिसलीच नाही, कारण वाळूने कुणी घाबरत नाही.

फॉर्मॅलिनचा मुद्दा तर सुक्या मासळीच्या वाट्याचाच नाही. 2018 च्या जून-जुलैमध्ये आधी केरळात आणि मग गोव्यात, मडगावच्या घाऊक बाजारात, फॉर्मॅलिनवरून गदारोळ झाला तो परराज्यांतून बर्फात येणाऱ्या ओल्या मासळीवरून. लांबून येणारा मासा ताजा, ताठ दिसावा हा त्यामागचा हेतू असतो. सुक्या मासळीत पाणीच उरलेलं नाही, तर ताठ कशाला करायचं? सुक्याबरोबर ओलंही जळतं असं आपण म्हणतो. इथे उलटं झालंय.

आणखी एक गंमत. फॉर्मॅलिन ज्याचं पाण्यातलं द्रावण असतं, ते फॉर्मॅल्डिहाइड काही माशांत मेल्यानंतर आपोआप तयार होतं, आणि बोंबील त्यात पुढे आहे. त्यामुळे घरगुती तपासणीपट्टीचा रंग बदलल्याचा व्हिडिओ पाहून बोंबलावर औषध मारलंय असा निकाल देता येत नाही. त्यासाठी प्रयोगशाळेत किती प्रमाण आहे ते मोजावं लागतं.

कीटकनाशकाचं तसं नाही. तो प्रकार घडतो. शेतीसाठी डीडीटी वापरायला आपल्याकडे 1989 पासून बंदी आहे, पण बंदी आहे म्हणून कुणी कुठलीच पावडर वापरत नाही असं मी म्हणणार नाही. बांगलादेशातल्या तपासण्यांत सुक्या मासळीत कीटकनाशकांचे अंश सापडल्याचं प्रसिद्ध झालेलं आहे. हा प्रश्न वलांडीवरचा कमी आणि गोदामातला जास्त. पावसाळ्यात दमट हवेत पोती महिनोन्महिने पडून राहिली की किडे पडतात आणि नुकसान नको म्हणून कुणीतरी फवारतो. म्हणूनच जुनी माणसं सुकं पावसाच्या आधी, नव्या हंगामाचं घेतात. रायगडकडे त्याला आगोटीची खरेदी म्हणतात. ऑगस्टमध्ये गोदामातून निघालेलं स्वस्त सुकं घेण्यापेक्षा मे महिन्यात गेटवरच्या मावशीकडून घेतलेलं बरं. म्हणजे मेसेज जिच्या पोटावर पाय देतो तिच्याकडचाच माल त्यातल्या त्यात बिनघोर.

राहिली माशी. मासळीवर बसून अंडी घालणारी माशी ओल शोधते. अर्धवट सुकलेल्या, चिकट मालावर ती घोंघावते, कडकडीत सुकलेल्यावर तिला फारसं काही मिळत नाही. तेव्हा माशी नाही म्हणून संशय घ्यायचा तर घ्या, पण मग माश्यांनी काळा झालेला खारा बांगडा विश्वासाने घरी न्याल का? त्यापेक्षा बोंबील हातात घेऊन मोडावा. कडकन मोडला पाहिजे, वाकला नाही पाहिजे. रंग पांढुरका ते फिकट सोनेरी. खारवलेल्या मासळीवर गुलाबी-लालसर डाग असतील तर परत ठेवावी, मिठात वाढणाऱ्या जिवाणूंचा तो रंग आहे. उग्र, औषधासारखा वास आला तर पुढच्या टोपलीकडे जावं.

आता युरोप. मेसेजमधला हा सर्वांत ठसकेबाज दावा, आणि खरी गोष्ट त्याच्या बरोबर उलट. 1997 मध्ये युरोपीय संघात बोंबलाची आयात थांबली हे खरं आहे. पण का? भारतातून मासळी घ्यायची तर ती मान्यताप्राप्त गोठवण किंवा डबाबंद कारखान्यातूनच आली पाहिजे असा तिथला नियम. बोंबील कुठल्या कारखान्यात बनतो? तो मामीच्या मागच्या अंगणात बनतो. कागदावर त्याला रकानाच नव्हता. आरोग्याच्या दृष्टीने बोंबलाविरुद्ध पुरावा नसल्याचं युरोपीय आयोगानेच कबूल केलं. ब्रिटनच्या सार्वजनिक आरोग्य प्रयोगशाळांकडेही बोंबलामुळे विषबाधा झाल्याची एकही नोंद नव्हती. बंदीआधी ब्रिटनमध्ये वर्षाला 13 टनांहून अधिक बोंबील खपत होता. तिथल्या शौकिनांनी ‘बोंबील वाचवा’ अशी मोहीमच काढली. भारताच्या उच्चायुक्तालयाने आयोगाकडे शब्द टाकला आणि नियम सैल झाला: मासळी उघड्यावर सुकवली तरी चालेल, फक्त पॅकिंग मान्यताप्राप्त केंद्रात व्हायला हवं. म्हणजे वलांडी पास झाली, अडला होता तो पुडा.

(याच मेसेजात बोंबलाचं ‘बॉम्बे डक’ हे इंग्रजी नाव मुंबईच्या डाकगाडीवरून पडलं असंही घुसडलंय. मुंबईत पहिली आगगाडी 1853 ला धावली. ‘बॉम्बे डक’ त्याच्या वीस-पंचवीस वर्षं आधीच इंग्रजी छापील मजकुरात आलेला आहे. ज्याला आगगाडीची तारीख बघावीशी वाटली नाही त्याने कॅन्सरचं काय तपासलं असेल?)

कॅन्सरचं वाक्य मात्र हवेतलं नाही, अर्धं कापलेलं आहे. जागतिक आरोग्य संघटनेची कर्करोगविषयक संस्था ‘चिनी पद्धतीची खारवलेली मासळी’ माणसात कर्करोग घडवणाऱ्या गोष्टींच्या पहिल्या गटात धरते, 1993 पासून. ती मासळी दक्षिण चीनमधली, मिठात मुरवताना मऊ पडून थोडी आंबणारी, आणि संबंध आढळला तो नाकामागच्या घशाच्या कर्करोगाशी, त्यातही लहानपणापासून ती खाणाऱ्यांत. आपला बोंबील आणि जवळा साधारणपणे मिठाशिवाय, नुसत्या उन्हावाऱ्यावर सुकतो. त्याला त्या यादीत बसवायचं म्हणजे ताडी वाईट म्हणून नारळपाण्यावर बंदी घालण्यासारखं. खारा बांगडा, खारी सुरमई यांत मीठ मुबलक असतं; रक्तदाब असेल तर बेतानेच, हे घरातलं म्हातारं माणूसही सांगतं.

धुरावर सुकवलेल्या मासळीचा प्रश्न आणखी निराळा. लक्षद्वीपमधल्या मिनिकॉयला कुप्पा, म्हणजे ट्यूना, शिजवून, धुरावून, उन्हात वाळवून त्याचा लाकडासारखा टणक ‘मास’ करतात. ईशान्येत चुलीवरच्या मचाणावर मासे धुरावतात, कारण तिथल्या दमट हवेत नुसत्या उन्हावर काम भागत नाही. धुरातून बेंझोपायरीनसारखी घातक द्रव्यं मासळीत उतरू शकतात, म्हणून युरोपात धुरावलेल्या माशासाठी 2014 पासून किलोमागे 2 मायक्रोग्रॅमची मर्यादा आहे. आपल्या किनाऱ्याला धुराची गरजच पडली नाही. पाऊस सरला की पहाटे जमिनीकडून कोरडा मतलई वारा येतो आणि निम्मं काम तोच करतो. जकातीच्या वर्गवारीत सुकी, खारवलेली आणि धुरावलेली मासळी 0305 या एकाच क्रमांकाखाली येते, पण ताटात त्या तीन वेगळ्या गोष्टी आहेत.

उरला भाव. इथे शिव्या खाते ती मावशीच, म्हणून हिशेबच मांडते. दहा किलो ओला बोंबील घेतला तर त्यात पाणी सोडून सारा ऐवज सव्वा किलोच्या आत. थोडी ओल धरून सुका माल हाती येतो सव्वा ते दीड किलो. समजा ओला 50 रुपयांनी घेतला, तर नुसत्या मासळीचेच 500 रुपये, म्हणजे सुक्या किलोला साडेतीनशे-चारशे मजुरी धरण्याआधीच. मग टांगणाऱ्या बायकांची मजुरी, बांबू-दोर, टेम्पो, बाजारातली जागा. सोड्यांचा भाव ऐकून डोळे पांढरे होतात, पण सोडे म्हणजे कोळंबी एक-एक सोलून सुकवलेली. एका किलोला किती नखं झिजतात ते सोलून बघा. आणि या सगळ्यावर आभाळाचा कर. ऑक्टोबर-नोव्हेंबर 2019 मध्ये क्यार आणि पाठोपाठ महा वादळ आलं तेव्हा वलांड्यांवरचा माल जागच्या जागी कुजला. मामीने तो खड्ड्यात पुरला. ‘सडकं सुकवून विकतात’ म्हणणाऱ्यांनी तो खड्डा पाहायला हवा होता.

हा माल फक्त मुंबईकर खातात असंही नाही. घाटावरच्या आठवडी बाजारात सुकट-बोंबलाशिवाय पाल उठत नाही. मरोळच्या सुक्या बाजारात घाऊक माल घ्यायला लांबून गिऱ्हाईक येतं. आणि मुंबई-गुजरातच्या किनाऱ्यावरची पोती आसामात मोरीगाव जिल्ह्यातल्या जागीरोडला पोचतात, अडीच हजार किलोमीटरहून लांब. तिथून ती ईशान्येच्या डोंगरांत पसरतात. अर्धवट सुकलेला किंवा सडका माल त्या प्रवासात बुरशीने पांढरा होतो आणि तिथला व्यापारी पोतं उघडून परत पाठवतो. फसवणुकीवर असा व्यापार दोन हंगामही टिकायचा नाही.

यंदा मी ग्रुपवर यातलं थोडं लिहिलं. दोघांनी अंगठा दाखवला, एकाने विचारलं, “पण वासाचं काय?” त्याला माझ्याकडे उत्तर नाही, वास येतोच. मावशी परवा रस्त्यापलीकडे बसली होती. एक बोंबील काढून माझ्यासमोर मोडला, आवाज ऐकवला आणि म्हणाली, “ताय, दीड किलो घे, एक जूनपासून बोटी बंद हाईत.” जवळा पुढच्या खेपेला आणते म्हणाली.