डायलवर डावीकडून उजवीकडे

कॉलेज फुटबॉल, म्हणजे अमेरिकेतल्या युनिव्हर्सिट्यांचा, हातात बॉल धरून पळायचा तो, मी रेडिओवर ऐकतो. तो टीव्हीवर बघायचा असतो हे मलाही माहितीये, उगाच कोणी सल्ले देऊ नका. पण अमेरिकेतल्या देशी संसारी माणसाचा शनिवार त्याचा स्वतःचा असतो का हो? सकाळी पोरीचा डान्स क्लास, मग इंडियन ग्रोसरी, मग कोणाचं तरी डोहाळजेवण, आणि ऑगस्टच्या शेवटापासून नोव्हेंबर संपेपर्यंत नेमका प्रत्येक शनिवार फुटबॉलचा. मंडळाचा गणपती, मंडळाचा दांडिया, मंडळाची दिवाळी, सगळं ह्याच तीन महिन्यांत आणि सगळं शनिवारीच, कारण शाळेचा हॉल शनिवारी मिळतो. त्यात मॅच दर आठवड्याला वेगळ्या चॅनलवर, एखादी तर फक्त स्ट्रीमिंगवर, म्हणजे त्याचे वेगळे पैसे. रेडिओ फुकट, गाडीत आधीच बसवलेला, आणि बायकोला वाटतं मी ट्रॅफिकच्या बातम्या ऐकतोय.

आम्ही आयोवात राहतो, डी मॉइनजवळ. मका, सोयाबीन, डुकरं आणि इन्शुरन्स कंपन्या, एवढ्यावर चालणारं राज्य. इथं एनएफएलची, म्हणजे पगारी खेळाडूंच्या लीगची, एकही टीम नाही त्यामुळं जनतेची सगळी भक्ती दोन युनिव्हर्सिट्यांत वाटलेली, आयोवा सिटीचे हॉकआइज (युनिव्हर्सिटी ऑफ आयोवा) आणि एम्सचे सायक्लोन्स (आयोवा स्टेट). आयोवा सिटीची वस्ती पंचाहत्तर हजाराच्या आसपास आणि तिथल्या किनिक स्टेडियममधे माणसं मावतात एकोणसत्तर हजार. उरलेलं राज्य रेडिओ लावून बसतं असं मला आमच्या शेजारच्या आजोबांनी सांगितलं. ते रिटायर्ड शेतकरी, आयुष्यभर ट्रॅक्टरवर बसून मॅच ऐकलेल्या, त्यामुळं अजूनही कमेंटरी ऐकताना किंचित हलत असतात.

स्टेशन कुठलं, तर 1040 एएम, डब्ल्यूएचओ. माझे वडील साताऱ्याहून आले होते तेव्हा त्यांनी हे नाव ऐकून पहिला प्रश्न विचारला, "जागतिक आरोग्य संघटना फुटबॉल कशाला लावते रे?" आता हे स्टेशन 1924 चं आणि ती संघटना 1948 ची, म्हणजे विचारायचंच तर उलटं विचारायला पाहिजे, पण बाबांना उलटं कोण सांगणार. ताकद मात्र दांडगी, 50 हजार वॉट. रात्री तर आकाशातल्या थरावर आपटून सिग्नल कुठल्या कुठं राज्यांपलीकडं जातो. तरीही आमच्या किचनमधे नीट लागत नाही.

एएमचं हे असं असतं. तुम्ही रेडिओची ती चकचकीत अँटेना बाहेर ओढता, फिरवता, तिला अ‍ॅल्युमिनियम फॉइल गुंडाळता, त्याचा शून्य उपयोग, कारण ती एफएमसाठी असते. एएमची अँटेना आत असते, तारेचे वेढे घातलेली एक काळी कांडी, म्हणून फिरवायचा तर अख्खा रेडिओच फिरवावा लागतो. हे मला इंजिनियर असून माहिती नव्हतं, बाबांना होतं. ते आकाशवाणीवर बाळ ज. पंडितांची मराठी कॉमेंट्री ऐकत मोठे झालेले. त्यांनी सेट उचलला, डोळे मिटले, हळूहळू वळवत वळवत फ्रिजच्या डोक्यावर खिडकीकडं तिरका ठेवला आणि म्हणाले, "आता कोणी हात लावायचा नाही." त्यानंतर त्या फ्रिजचं दार उघडायची पण घरात चोरी झाली.

स्वतः साताऱ्याहून आणलेला छोटा डिजिटल रेडिओ मात्र त्यांना दगा देऊन गेला. भारतात एएमची स्टेशनं नऊ-नऊ किलोहर्ट्झच्या अंतरानं असतात आणि अमेरिकेत दहा-दहाच्या, त्यामुळं बटण दाबलं की तो 1035 वर उभा राहायचा आणि पुढं दाबलं की थेट 1044. मधे 1040 वर अमेरिका चालू आणि आमचा सेट दोन्ही बाजूंनी तिला वळसा घालतोय. शेवटी नातीनं मेनूत जाऊन नऊचं दहा केलं. बाबांना ते फार मनाला लागलं, कारण माहितीपत्रक तेच वाचत होते, गेले दोन दिवस.

रिसेप्शन मिळालं की घर आडवं येतं. फोनचा चार्जर गुणगुणतो. स्वस्तातले एलईडी दिवे किरकिरतात. पण ह्या सगळ्यांचा बाप म्हणजे मिक्सर. देशी मिक्सरची मोटर सुरू झाली की एएमवर दुसरं काहीही ऐकू येत नाही आणि चटणी वाटायचा मुहूर्त कधी लागावा, तर थर्ड डाउनला. म्हणजे काय तर टीमला दहा यार्ड पुढं सरकायला चार संधी असतात, तिसरी हुकली की चौथीला बहुतेक वेळा बॉल लाथाडून समोरच्याला देऊन टाकायचा, म्हणून सगळा जीव तिसरीत अडकलेला असतो. कॉमेंटेटरचा आवाज चढत जातो, बॉल फेकणारा क्वार्टरबॅक मागं सरकतो, आणि घर्रर्रर्र. घर्र थांबतं तेव्हा मक्याच्या बियाण्याची जाहिरात चालू असते. काय झालं? माहिती नाही. चटणी झाली.

जाहिरातींबद्दल जास्त बोलत नाही. खेळ साठ मिनिटांचा आणि प्रकरण चालतं साडेतीन तास, त्यावरून समजा.

खरा त्रास वेगळाच आहे. क्रिकेटमधे कसं, पिच जिथल्या तिथं असतं, बॉलर येतो, बॅट्समन मारतो, मिडविकेट कुठं ते आपल्याला जन्मतः माहिती. फुटबॉलचं मैदान शंभर यार्डांचं, पण आकडे एक ते शंभर नाहीत, दोन्ही टोकांकडून मोजत मधे पन्नासला भेटतात, म्हणजे पस्तीस नावाच्या दोन रेषा आहेत, एक आपली आणि एक त्यांची. कॉमेंटेटर घाईत नुसतं पस्तीस म्हणाला की तुम्ही मेलात, कारण एका पस्तीसवर आनंद आहे आणि दुसऱ्यावर काळजी. म्हणून हे लोक प्रत्येक क्वार्टरच्या, म्हणजे खेळाच्या चारातल्या एकेका भागाच्या, सुरुवातीला सांगतात की आपली टीम तुमच्या रेडिओच्या डायलवर डावीकडून उजवीकडं जातीये. फार जुनी पद्धत आहे ही आणि मला फार आवडते, ह्या डिजिटल जमान्यात डायल राहिलाच नाही तरी सांगतात. पहिल्यांदा ऐकलं तेव्हा बाबांनी उठून खरंच रेडिओकडं बघितलं.

आणि मग त्यांनी जे केलं ते मला इतकी वर्षं इथं राहून सुचलं नव्हतं. कालनिर्णयचं मागच्या महिन्याचं पान फाडलं, पालथं घातलं, पट्टीनं दहा-दहा यार्डांच्या रेषा मारल्या, डब्यातून एक चवळीचा दाणा घेतला आणि तो बॉल. दर खेळीला दाणा सरकवायचे. तीन यार्ड म्हणजे नखाएवढं. पेनल्टी लागली की दाणा मागं. क्वार्टर संपला आणि टीमनी बाजू बदलल्या की अख्खं पान गर्रकन उलटं फिरवायचे, दाण्याला बोट लावून. नियम अर्धेही कळत नव्हते, पण बॉल कुठाय हे घरात फक्त त्यांना माहिती असायचं. शेजारचे आजोबा एकदा पाय मोकळे करत आले, ते पान बघितलं, खुर्ची ओढली आणि बसले ते मॅच संपेपर्यंत. दोघांना एकमेकांचं इंग्लिश कळत नव्हतं. काही अडलं नाही.

आजोबांनी त्या दिवशी रोनाल्ड रेगनचा किस्सा सांगितला. प्रेसिडेंट व्हायच्या कितीतरी आधी, 1932 मधे, रेगन आयोवातल्या डॅव्हनपोर्टच्या एका रेडिओ स्टेशनवर नोकरी मागायला गेला. त्याला रिकाम्या स्टुडिओत माइकपुढं उभं केलं आणि सांगितलं, फुटबॉलची मॅच सांग, मला दिसली पाहिजे. समोर भिंत. पठ्ठ्यानं कॉलेजात स्वतः खेळलेल्या एका मॅचचा शेवटचा क्वार्टर आठवून आठवून सांगितला, आणि प्रत्यक्षात समोरच्याला अडवायचा जो ब्लॉक त्याच्याकडून हुकला होता तो रेडिओवर बरोबर लावला. नोकरी लागली. पुढं हाच माणूस आमच्या डब्ल्यूएचओवर आला. मी हे मराठीत सांगितल्यावर बाबा म्हणाले, "मग प्रेसिडेंट होणारच की."

रेडिओचे कॉमेंटेटर निःपक्षपाती असतात अशी ज्यांची समजूत असेल त्यांनी ती इथं ठेवून पुढं जावं. प्रत्येक युनिव्हर्सिटीचं आपलं रेडिओ नेटवर्क, आपला माणूस, आणि तो उघड उघड आपल्या बाजूनं बोलणार. जॉर्जियाचे लॅरी मन्सन 1980 मधे फ्लोरिडाविरुद्ध शेवटच्या मिनिटांत टचडाउन (बॉल पार शेवटच्या रेषेपलीकडं नेला की तो) झाल्यावर एवढे उसळले की खुर्ची मोडली, आणि खुर्ची मोडली हेही त्यांनी ऑन एअर सांगितलं. आमच्याकडच्या जिम झेबल यांची तऱ्हा और, जिंकलं की श्रोत्यांना म्हणायचे रेडिओला मिठी मारा, पापी घ्या. शेजारच्या आजींच्या म्हणण्याप्रमाणं आजोबांनी आयुष्यात तेवढी एकच सूचना कधी मोडली नाही. आयोवा विरुद्ध आयोवा स्टेट मॅच असते तेव्हा मी मुद्दाम स्टेशन बदलत दोन्हीकडची कॉमेंटरी ऐकतो. एकीकडं सुरेख टॅकल, तीच दुसरीकडं सरळसरळ गुंडगिरी. बायको एम्सची, मी आयोवा सिटीचा, त्यामुळं तिला ह्यातली खरी कॉमेंटरी कुठली ते बरोबर कळतं.

त्यात आमची टीम ही अशी. हॉकआइज डिफेन्ससाठी आणि पंटिंगसाठी, म्हणजे चौथ्या संधीला बॉल लाथाडून देण्यासाठी, प्रसिद्ध, पुढं सरकणं हे त्यांना फारसं मानवत नाही. 2022 ची पहिलीच मॅच साउथ डकोटा स्टेटविरुद्ध 7-3 नी जिंकले, एकही टचडाउन न करता, एक फील्ड गोल (लाथेनं खांबांच्या मधून, 3) आणि दोन सेफ्टी (समोरच्याला त्याच्याच टोकाला पकडून, 2-2). 7 म्हटल्यावर सगळं जग समजतं टचडाउन झाला असेल. छे. रेडिओवर ती मॅच म्हणजे पंट, जाहिरात, पंट, जाहिरात. पंट मारणारा टोरी टेलर हा ऑस्ट्रेलियन, पुढच्या वर्षी त्यानं एका सीझनमधे 4,479 यार्ड पंट मारून राष्ट्रीय विक्रम केला, आणि बॉल देऊन टाकायचा विक्रम आपल्याकडं आहे ह्याचा इथल्या लोकांना मनापासून अभिमान आहे. बाबांचा तर तो आवडता खेळाडू, कारण पंट झाला की दाणा एकदम लांब न्यायला मिळायचा.

ऑक्टोबर 2023, मिनेसोटाविरुद्ध. ह्या मॅचची ट्रॉफी म्हणजे ब्राँझचं डुक्कर, फ्लॉइड ऑफ रोझडेल, 1935 पासून दोन्ही राज्यांत ह्या डुकरासाठी मारामारी. शेवटचं दीडएक मिनिट, मिनेसोटा 12, आयोवा 10. त्यांचा पंट आला, आमच्या कूपर डीजीननं उचलला आणि पळत सुटला. 54 यार्ड! कॉमेंटेटरचा आवाज फाटला, पलीकडच्या अंगणातून आजोबांची आरोळी, मी फ्रिजवर थाप मारली, स्टेशन गेलं, बाबांनी एका हातानं मला बाजूला केलं, एका हातानं रेडिओ वळवला आणि त्या गडबडीतही चवळीचा दाणा पानाच्या शेवटापर्यंत नेऊन ठेवला. टचडाउन. पोरगी नाचायला लागली, एरवी क्लासला नाचत नाही ती.

मग कॉमेंटेटरचा सूर खाली आला. रिव्ह्यू. अंपायर बघतायत. काय बघतायत? बॉल उचलायच्या आधी त्यानं म्हणे डावा हात हलवला होता. हात हलवला की त्याचा अर्थ मी पळणार नाही असा धरतात, मग बॉल तिथंच मेला. आता हात हलवला का, कसा, किती, कोणाकडं बघून, हे टीव्हीवाल्यांनी पन्नास वेळा बघितलं असेल, आम्ही फक्त एका माणसाचं वाढत जाणारं दुःख ऐकत होतो. टचडाउन रद्द. बाबांनी दाणा उचलला नाही, बोटानं एकेक रेषा ओलांडत मागं आणला, 46 पर्यंत. "हात हलवल्यावर एवढी शिक्षा?" म्हणाले. "आमच्या एसटीला हात हलवून हलवून तुटायची वेळ आली तरी ड्रायव्हरला कळत नाही." डुक्कर मिनेसोटाला गेलं. अंगणातून मराठीत लिहिता येणार नाही असं काहीतरी ऐकू आलं.

बाबा परत गेले आणि आता त्यांनी फोनवर अ‍ॅप घेतलंय, हॉकआइजची रेडिओ कॉमेंटरी त्यावर फुकट ऐकता येते. इथल्या सकाळी अकराच्या मॅचला साताऱ्यात रात्रीचे साडेनऊ, म्हणजे जेवण करून आरामात. अ‍ॅपची मात्र एक गंमत आहे, ते मागं असतं, कधी अर्धं मिनिट, कधी त्याहून जास्त, आणि प्रत्येक फोनवर वेगवेगळं. मंडळाच्या गणपतीला मी एका कानात इअरफोन घालून आरतीला उभा होतो, आयोवा स्टेटची मॅच, शेवटची मिनिटं. एक गृहस्थ मोदकांचा डबा आणायला म्हणून पार्किंगमधे गेले, गाडीतला रेडिओ ऐकून आले आणि टाळ्या वाजवत माझ्याकडं बघून नुसती मान हलवली. माझ्या कानात अजून आपली टीम जिंकत होती. उरलेली आरती मी कुठल्या मनःस्थितीत म्हटली ते बाप्पालाच माहिती.

पण बाबांचं अ‍ॅप माझ्या अ‍ॅपच्या पुढं का असावं? मी आयोवात, स्टेडियमपासून दोन तासांवर, ते सदाशिव पेठेत, साताऱ्यातल्या. आणि इंटरसेप्शन झालं, म्हणजे आपला पास समोरच्यानं झेलला, की माझ्या आधी त्यांचा व्हॉट्सअ‍ॅप येतो, "गेला बॉल". फोन फ्लाइट मोडवर टाकावा तर अ‍ॅपच बंद पडतं. म्हणून आता घरी असलो की परत फ्रिजवरचा एएम सेट, तोच एक बाबांच्या आधी सांगतो. फक्त शनिवारी अकरा ते अडीच मिक्सर लावायचा नाही एवढं बायकोशी बोलून ठरवायचंय. ह्या शनिवारी तिच्या माहेरची माणसं जेवायला आहेत आणि मेनूत दोन चटण्या आहेत.