राखीगढीची बाई आणि तारखांचा घोळ

दर काही महिन्यांनी एक फॉरवर्ड कुठल्या ना कुठल्या ग्रुपवर उगवतोच. मजकूर थोडाफार बदलतो, गाभा तोच: 'राखीगढीच्या डीएनएने आर्य बाहेरून आल्याची थाप उघडी पाडली. ती मॅक्सम्युलरने इंग्रजांसाठी रचली होती. सिनौलीत आर्यांचा रथ सापडला. मितान्नीचे राजे इथूनच तिकडे गेले. खुद्द बाबासाहेबांनी हा सिद्धांत फेटाळला.' शेवटी 'सत्य घरोघरी पोहोचवा'. पोहोचवू की. पण आधी आगेमागे काय घडलं ते तपासू, कारण यातला बहुतेक घोळ तारखांचा आहे.

राखीगढी हे हरियाणाच्या हिसार जिल्ह्यातलं हडप्पाकालीन मोठं नगर. पुण्याच्या डेक्कन कॉलेजचे वसंत शिंदे आणि त्यांच्या पथकाने तिथली दफनभूमी खणली. आपल्याकडच्या उष्ण हवेत हाडांतला डीएनए टिकत नाही. ६१ नमुने चाळल्यावर एका बाईच्या सांगाड्यातून, कानाजवळच्या टणक हाडातून, तो कसाबसा वाचण्याजोगा मिळाला. सप्टेंबर २०१९ मध्ये 'सेल' या नियतकालिकात त्यावरचा शोधनिबंध आला. आर्य भाषा ज्यांच्याबरोबर इकडे आल्या असं मानलं जातं, त्या स्टेपच्या, म्हणजे युरेशियातल्या गवताळ पट्ट्याच्या, पशुपालकांचा अंश त्या बाईत नाही. इथवर फॉरवर्ड शंभर टक्के खरा.

पण ती बाई जगली इ.स.पू. २५०० च्या आगेमागे, आणि स्टेपचे लोक दक्षिण आशियात उतरले इ.स.पू. २००० ते १५०० च्या दरम्यान, असं संशोधकांचं म्हणणं आहे. मग तिच्यात तो अंश सापडणार कसा? पणजीच्या लग्नातल्या फोटोत नातसून दिसली नाही, म्हणून ती या घरात आलीच नाही असं म्हणण्यातली ही गत.

त्याच महिन्यात 'सायन्स'मध्ये दुसरा निबंध आला. त्यात मध्य आणि दक्षिण आशियातल्या ५२३ प्राचीन माणसांचा डीएनए तपासला होता. पाकिस्तानातल्या स्वात खोऱ्यातल्या, इ.स.पू. १२०० आणि त्यापुढच्या सांगाड्यांत स्टेपचा अंश आहे. आजच्या बहुतेक भारतीयांतही तो कमी-जास्त प्रमाणात आहे, उत्तरेकडे जास्त. राखीगढीच्या बाईत नाही आणि आपल्यात आहे, तर तो मधल्या काळात आला एवढा साधा हिशेब. शिंदे या दुसऱ्या निबंधाचेही सहलेखक आहेत. आणि ज्या 'सेल'मधल्या निबंधाचा हवाला देऊन फॉरवर्ड नाचतो, त्यातच म्हटलंय की इंडो-युरोपीय भाषा (संस्कृत, ग्रीक, लॅटिन यांचं कुळ) पूर्व युरोपातून मध्य आशियामार्गे इ.स.पू. दुसऱ्या सहस्रकाच्या पूर्वार्धात इकडे आल्या असण्याची शक्यता यातून दिसते. मथळा वाचून निबंध मिटला की असं होतं.

त्या निबंधातली खरी बातमी वेगळीच होती. सिंधू खोऱ्यातली शेती पश्चिम इराणच्या शेतकऱ्यांनी येऊन रुजवली असं मानलं जाई, त्याला या बाईच्या डीएनएने धक्का दिला. शिवाय हडप्पाचे लोक आज दक्षिण आशियात राहणाऱ्या बहुतेकांचे पूर्वज ठरतात, मग भाषा कोणतीही असो. अभिमानच मिरवायचा तर हा मिरवावा. पण फॉरवर्डमध्ये त्याचा पत्ता नाही.

'आक्रमण झालंच नाही' हे मात्र कबूल. मोहेंजोदडोच्या सांगाड्यांवरून पुरातत्त्वज्ञ मॉर्टिमर व्हीलर यांनी १९४० च्या दशकात, आर्यांनी तिथे कत्तल केली असं म्हणत, इंद्राला आरोपीच्या पिंजऱ्यात उभं केलं होतं. १९६४ मध्ये जॉर्ज डेल्स यांनी ती कत्तल कल्पित असल्याचं दाखवलं. ते सांगाडे एका काळातले नव्हते, लढाईची खूणही नव्हती. हडप्पाची नगरं इ.स.पू. १९०० नंतर ओस पडत गेली, आणि त्यामागे पावसाळा क्षीण झाल्याचं कारण आज पुढे केलं जातं. पण आक्रमण खोडलं म्हणून स्थलांतर खोडलं जात नाही. माणसं गुरं हाकत, पिढ्यान्‌पिढ्या सरकतही येतात.

मॅक्सम्युलरच्या कटाची गोष्ट तर आपल्या दारातच उताणी पडते. हा जर्मन संस्कृतपंडित जन्मला १८२३ मध्ये. कोलकात्यात विल्यम जोन्सने संस्कृत, ग्रीक आणि लॅटिन एका मुळातून आल्याचं सांगितलं १७८६ मध्ये. आणि त्याच्याही दोनशे वर्षं आधी, १५८३ मध्ये, गोव्यातल्या एका इंग्रज जेझुइट पाद्र्याने भावाला पत्रात लिहिलं होतं की इथल्या भाषांची घडण ग्रीक-लॅटिनसारखी आहे. हा थॉमस स्टीफन्स, म्हणजे ज्याने पुढे मराठीत 'क्रिस्तपुराण' रचलं तोच. तेव्हा इंग्रजांची ईस्ट इंडिया कंपनीही जन्मली नव्हती. कट रचणार कोण, आणि कोणासाठी?

आता सिनौली. उत्तर प्रदेशच्या बागपत जिल्ह्यात २०१८ मध्ये पुरातत्त्व सर्वेक्षणाला तांब्याने मढवलेल्या गाड्या पुरलेल्या सापडल्या. काळ साधारण इ.स.पू. २००० आणि पुढचा. शोध मोठाच आहे, त्याला कमी लेखायचं कारण नाही. पण चाकं बघा: भरीव लाकडी, वर तांब्याचे त्रिकोण बसवलेले. आरे नाहीत. घोड्याचे अवशेषही तिथे मिळाले नाहीत. आणि ऋग्वेदातलं चाक कसं? 'द्वादशारं नहि तज्जराय' (१.१६४.११), म्हणजे बारा आऱ्यांचं, न झिजणारं. आऱ्यांची चाकं आणि घोडे एकत्र पुरलेले सापडतात ते रशियात, उरल पर्वताच्या दक्षिणेकडच्या सिंताश्ता संस्कृतीच्या थडग्यांत, इ.स.पू. २००० च्या सुमारास. लाकूड कुजून गेलंय, आऱ्यांचे ठसे मातीत राहिलेत. प्रवराकाठच्या दायमाबादला १९७४ मध्ये मिळालेला ब्राँझचा सुंदर रथ आठवा: त्यालाही भरीव चाकं, आणि ओढायला बैल. भरीव चाकांची गाडी म्हणजे वेदातला रथ नव्हे.

मितान्नीचं थोडक्यात. हे राज्य आजच्या उत्तर सीरियाच्या भागात होतं. त्यांच्या इ.स.पू. चौदाव्या शतकातल्या तहात मित्र, वरुण, इंद्र आणि नासत्य यांची नावं आहेत, हे खरंच थरारक आहे. पण त्यावरून भाषा किती दूर पोहोचली होती ते कळतं, कुठून निघाली ते नाही. मध्य आशियातून एक फांदी इकडे आली आणि एक तिकडे गेली असं मानलं तरी ही तारीख अचूक बसते.

राहिले बाबासाहेब. १९४६ च्या शूद्रांवरच्या ग्रंथात त्यांनी आर्य-आक्रमण फेटाळलं, हे खरं. त्यांचा आधार मुख्यतः वैदिक ग्रंथांचा होता. डीएनएची रचना उलगडली १९५३ मध्ये. आणि नावांवरच निकाल लावायचा तर फुल्यांनी १८७३ च्या 'गुलामगिरी'त आर्य भट, म्हणजे ब्राह्मण, बाहेरून आल्याचं मांडलं, तर टिळकांनी १९०३ मध्ये आर्यांचं मूळ घर थेट उत्तर ध्रुवाजवळ नेलं. यातलं कोणाचं नाव फॉरवर्डमध्ये टाकायचं, हे ग्रुप बघून ठरतं.

याच विषयावर उलट दिशेचाही फॉरवर्ड फिरतो: 'अमुक जात युरेशियन, तिने परत जावं.' तोही असाच फसवा. सुमारे ४,२०० ते १,९०० वर्षांपूर्वीच्या काळात या देशात सरमिसळ इतकी झाली की स्टेप, हडप्पा आणि त्याआधीचे इथले शिकारी, यांपैकी एकाच घराण्याचा वारस म्हणावा असा समाज आज जवळपास सापडत नाही. जातीत लग्नं बंदिस्त झाली ती त्यानंतर.